आठवीपर्यंतचं गाव

आयर्लंडमधल्या किलकेनीत आल्यावर मी सगळ्यात आधी घाबरले ती शांततेला. इचलकरंजीत आमच्या गल्लीत घराला घर लागून माग चालायचे. त्या खटखटीतच आम्ही बोलायचो, जेवायचो, भांडायचो, आणि माणसं एकमेकांच्या ओठांकडं बघून अर्धं बोलणं समजून घ्यायची. आवाज थांबला की आई हातातलं काम टाकून दाराशी यायची, कारण माग थांबला म्हणजे वीज गेली, नाहीतर सूत संपलं, नाहीतर कुणाचं तरी बोट सापडलं. त्यामुळं किलकेनीच्या त्या घरात दुपारी ऋता झोपली, मशीनमधले कपडे फिरायचे थांबले आणि खिडकीबाहेर नुसतं हिरवं हिरवं पसरलेलं दिसलं, की मी दाराशी जाऊन उभी राहायचे. काहीतरी झालंय आणि मला कुणी सांगत नाहीये, असं वाटत राहायचं. मग मी उगाच नळ सोडायचे, कुकरची शिट्टी हातानं वाजवून बघायचे. आज इतकी वर्षं इथं काढल्यावर इचलकरंजीला गेले की तो आवाज मला सोसत नाही, आणि त्याचं मलाच वाईट वाटतं.

घर मामांचं. मामा म्हणजे आईचे चुलत भाऊ, तिथल्या इस्पितळात डॉक्टर. मामी दूरच्या नास नावाच्या गावी एका कंपनीत कामाला होती, सकाळी अंधुक असतानाच गाडी काढायची. त्यांची ऋता चार वर्षांची. तिला सांभाळायला कुणीतरी घरचं हवं होतं, म्हणून मी. मामी मराठीत विचारायची, "ऋता, वरणभात का पोळी?" आणि ऋता तिकडच्या हेलात उत्तर द्यायची, "आय'म ग्रँड, मम्मी." ग्रँड म्हणजे राजेशाही असं मी समजायचे. दुकानातल्या बाईनं माझ्या हातून सांडलेलं दूध पुसत "यू आर ग्रँड" म्हटलं तेव्हा ती टोमणा मारतेय असं वाटून मी घरी येऊन रडले होते. मामीनं समजावलं, "अगं, ग्रँड म्हणजे चालतंय. असू दे." ओट्यावरच्या कपाटाला ती माणसं प्रेस म्हणायची. आमचे देव त्याच प्रेसमध्ये, डाळींच्या बरण्यांच्या वरच्या फळीवर, आणि त्यांच्या शेजारी आईनं माझ्याबरोबर दिलेली अंबाबाईची छोटी तसबीर.

माझ्या छातीवर मात्र एक दगड होता. मला पाठवायचं ठरत होतं तेव्हा आईनं फोनवर मामांना सांगितलं होतं, "पोरगी दहावी झालीया, दादा. हुशार हाय." मी आठवीच्या सहामाहीनंतर शाळेत गेलेच नव्हते. पहाटे उठून मागाच्या सुताच्या कांड्या भरायला बसायचे आणि वर्गातल्या मुली दप्तर घेऊन दारावरून गेल्या की मान खाली घालायचे. आईचं ते वाक्य मी शेजारी उभी राहून ऐकलं आणि काही बोलले नाही, म्हणजे ते माझंही झालं. मामा मनानं चांगले. त्यांनी ठरवलं की मी इथं नुसती पोर सांभाळायची नाही, म्हाताऱ्या आणि आजारी माणसांची सेवा करायचा एक कोर्स करायचा, तो झाला की पोरीच्या पायाखाली जमीन येईल. शहरातल्या शिकवणी केंद्राचा फॉर्म त्यांनी स्वतः भरला. 'दहावी उत्तीर्ण' असं लिहून पेन खाली ठेवलं आणि म्हणाले, "सर्टिफिकेट तेवढं मागवून घे हं. पुढच्या सप्टेंबरच्या आत लागेल." त्यानंतर दर रविवारी जेवताना तोच प्रश्न. "आलं का गं सर्टिफिकेट?" मी म्हणायचे, आई शोधतेय. मग म्हणायचे, पोस्टात टाकलंय. खोटं बाहेर पडलं की मला परत पाठवतील आणि आईला माहेरात तोंड दाखवायला जागा राहणार नाही, एवढंच मला दिसत होतं. आमटीत मीठ घालताना, ऋताच्या वेण्या घालताना, सारखं तेच.

त्या दिवसांत मला एस्थरआजी भेटली.

शहरातल्या जुन्या किल्ल्यासमोरच्या आठवड्याच्या बाजारात एका टेबलावर पाव, जॅम आणि लोणच्याच्या बरण्या मांडून दोन बायका उभ्या असायच्या. अंगात गळ्यापासून घोट्यापर्यंत साधा एकरंगी झगा, केसांचा अंबाडा आणि त्यावर पांढरी झिरझिरीत टोपी. मी त्यांना नन समजले. म्हाताऱ्या बाईला मी "सिस्टर" म्हणाले, तर ती म्हणाली, "मला सहा मुलं आहेत." तिच्याबरोबरची तरुण मुलगी, तिची नात रूथ, तोंडावर हात ठेवून हसायला लागली. मी इतकी गडबडले की माफी मागायच्या नादात समोरच्या थाळीतला चाखायला ठेवलेला, 'पाय' नावाच्या त्यांच्या गोड पदार्थाचा तुकडा उचलून तोंडात घातला. आणि तिथंच थांबले. आत काकवी होती. अगदी आमच्याकडच्या गुऱ्हाळावरची, गूळ व्हायच्या जरा आधीची, किंचित कडवट काकवी. त्या परक्या हिरव्या देशात, दगडी किल्ल्यासमोर, माझ्या जिभेवर कोल्हापूरकडचं ऊन आलं. डोळे भरले. म्हातारीनं काही विचारलं नाही. दुसरा तुकडा कागदात बांधून हातात दिला आणि रूथला म्हणाली, "हिला उद्या न्याहारीला लागेल."

पुढं मी शनिवारी त्यांच्या बेकरीत मदतीला जायला लागले. मामी म्हणाली, "जा बाई, घरात बसून भिंतींशी बोलतेस. तेवढंच इंग्लिश सुधारेल." रूथ काळी व्हॅन घेऊन यायची. शहराबाहेर नदी सोडली की कुंपणांमधून रस्ता आत जायचा आणि तिथं त्यांची वस्ती होती. दहा-बारा घरं, एक लाकडाचं काम करायची शेड, बेकरी, गायी, आणि पांढऱ्या भिंतींची प्रार्थनेची खोली. तिथं ना घंटा, ना मूर्ती, ना पेटी. ती माणसं मेनोनाइट, साधेपणानं राहणाऱ्या एका जुन्या ख्रिस्ती पंथाची. टीव्ही नाही, रेडिओ नाही, दागिना नाही. आम्ही पीठ मळत असताना कुणीतरी एक ओळ उचलायचं आणि बाकीच्या बायका हातातलं काम न थांबवता त्यात शिरायच्या. कुणी वरून, कुणी खालून, चार निरनिराळ्या चालींत, आणि तरी सगळं एक. इंग्रजीतले शब्द मला निम्मे कळायचे नाहीत. पण आमच्या गल्लीत चार घरांचे माग चार लयींत चालायचे आणि कधीतरी एका क्षणाला चारीही एकदम जुळायचे, तसं काहीतरी व्हायचं आणि माझी भीती विरघळायची. पाव भाजल्याचा वास, खिडकीवरची वाफ, हातावर पीठ. आजही डोळे मिटले की मी त्या खोलीत जाते, आणि तिथं कुणीच म्हातारं झालेलं नसतं.

तिकडं सगळे एकमेकांना नावानं हाक मारायचे. पणतूसुद्धा म्हातारीला एस्थर म्हणायचा. माझ्या तोंडून ते निघेना. मी एस्थरआजी म्हणायला लागले, आणि घाईत नुसतं आजी. पोरांना वाटलं हे तिचं एखादं सुंदर परदेशी नाव असावं. महिन्याभरात वस्तीतली सगळी पोरं तिला "आजी" म्हणायला लागली, मग मोठी माणसंही. सत्तर वर्षांचे दाढीवाले सुतारकाका तिला म्हणायचे, "आजी, कॉफी आहे का?" मी अर्थ सांगायचं ठरवायचे, पण सगळे इतक्या प्रेमानं म्हणायचे की राहूनच जायचं.

आजी बोलायची कमी, पण कणकेवर हात असला की बोलायची. तिच्या पूर्वजांनी स्वित्झर्लंडमध्ये, मोठेपणी स्वतःच्या मर्जीनं बाप्तिस्मा घ्यायचा हट्ट धरला होता, म्हणून राज्यकर्त्यांनी त्यांना नदीत बुडवलं. जे वाचले ते डोंगरात लपले, मग जर्मनीतल्या कुणा जमीनदाराच्या शेतांवर राबले. शस्त्र हातात धरायचं नाही म्हणून तिथूनही निघाले. जहाजातून अमेरिकेला. आणि पाच-सहा पिढ्यांनंतर आजी, तिची बहीण लिडिया आणि आणखी दोन कुटुंबं आपल्या मनानं उठून या बेटावर आली, कारण प्रार्थनेत त्यांना तसं सुचलं होतं. सामानाच्या कंटेनरमध्ये गोधडी शिवायची लाकडी चौकट होती, लोणच्याच्या रिकाम्या बरण्या होत्या, आणि आईच्या हातचा बियाण्याचा घेवडा. "मला फार भीती वाटली," ती म्हणाली. "आमच्या घराण्यात याआधी प्रत्येक वेळी कुणीतरी हाकललं होतं. हाकललं की परत जायचा प्रश्न नसतो. या वेळी रोज सकाळी वाटायचं, आपण उगाच आलो का?" मी म्हणाले, "मला पण." ती आणि लिडिया आपसांत जुन्या जर्मन बोलीत बोलायच्या. नातवंडांना सगळं कळायचं, पण उत्तर यायचं ते थेट किलकेनीच्या बाजारातल्या इंग्रजीत. ते ऐकून मला इतकं हसू आलं की मी घरी येऊन मामीला सांगितलं, "आपल्या ऋताचं सगळं खानदान तिकडं राहतंय."

एके शनिवारी सफरचंदं चिरताना आजीनं सहज विचारलं, "तू शाळेत कुठपर्यंत गेलीस?"

माझी सुरी थांबली. जीभ मात्र सरावलेली होती. "दहावी," मी म्हणाले.

"इतकी?" आजीनं मान वर केली. "आमच्यात सगळे आठवी. आठवी झाली की मुलं कामाला लागतात."

"सगळे?"

"मी, लिडिया, रूथ. रूथ तर शाळेत शिकवते."

छपराचे लाकडी सांगाडे बनवणारे सुतारकाका, गायींचं बाळंतपण करणारा रूथचा भाऊ, एवढा मोठा हिशोबाचा व्याप सांभाळणारी रूथची आई, सगळे आठवी. कुणाची मान खाली नव्हती. अख्ख्या पृथ्वीवर हे एकच गाव असेल जिथं मला खोटं बोलायची गरज नव्हती, आणि तिथं मी ते बोलून बसले होते. वर त्याची शिक्षाही मिळाली. रूथ दुसऱ्या आठवड्यात आठवीचं गणिताचं पुस्तक घेऊन आली. "हे शेवटचे अपूर्णांक मुलांना कसे समजावू? तू तर पुढचं शिकलीयस." मी पुस्तक हातात धरलं, उलटंसुलटं केलं, आणि ओव्हनमध्ये पाव जळतोय असं सांगून पळाले. ओव्हन तेव्हा गार होता.

हिवाळ्यात लिडिया गेली. वसंतात त्यांचा पाय धुण्याचा रविवार आला. वर्षातून दोनदा त्यांच्यात हे असतं. प्रार्थनेनंतर बायका बायकांच्या बाजूला, पुरुष पुरुषांच्या बाजूला, जोडीजोडीनं एकमेकांचे पाय धुतात. त्याच्या आधी ज्याच्याशी काही अडलं असेल त्याच्याकडं जाऊन ते मिटवायचं. आजीला त्या दिवशी खोकला होता, म्हणून रूथ मला सकाळीच घेऊन आली आणि म्हणाली, "तू आजीजवळ बस, आम्ही जाऊन येतो." खिडकीतून पलीकडचं गाणं ऐकू येत होतं. बाहेर ऊन पडायचं, लगेच भुरभुर यायची, परत ऊन. आजी कान देऊन बसली होती. मग म्हणाली, "ते इनॅमलचं भांडं आण. कोमट पाणी घे. लिडिया गेली, आता मला जोडी नाही. तुझी हरकत नसेल तर."

हरकत कसली. मोठ्यांचे पाय धुणं मला काय नवीन होतं? मी खाली बसले, तिचे मोजे काढले. पांढरेफटक पाय, निळ्या शिरा, अंगठा आत वळलेला. मी हळूहळू धुतले, टॉवेलनं टिपले, आणि सवयीनं वाकून नमस्कार केला. तिनं डोक्यावर हात ठेवला. "हे आमच्यात नाही," ती म्हणाली, "पण असू दे. आता तू बस."

"कुठं?"

"खुर्चीत. आता मी तुझे धुणार."

मी उभीच राहिले. माझं इंग्रजी अशा वेळी मला सोडून जायचं. "नो, आजी. बिग पीपल नो टच स्मॉल पीपल फीट," एवढंच जमलं. पाप लागेल हे कसं सांगायचं ते येईना.

"मग अर्धंच राहिलं," ती म्हणाली. रागावली नव्हती. हात मांडीवर ठेवून बसून राहिली. "आणि आधी एक विचारायचं असतं, ते मी विसरलेच. तुझ्यामाझ्यात काही अडलंय का? मी सांगते आधी." तिनं टेबलाच्या खणातून एक कागदाची पुडी काढली. आत पांढरी टोपी होती, तिच्यासारखीच, बारीक टाक्यांची. "तुझ्या मापाची शिवली. तू आमच्यात येशील असं मी मनाशी ठरवून टाकलं होतं. तुला विचारलं नाही. रूथलाही बोलून गेले. हे माझं चुकलं."

मी टोपी हातात घेतली. किती बारीक काम होतं ते. खरं सांगायचं तर क्षणभर मला ती घालावीशी वाटली, देवासाठी नाही, त्या खोलीसाठी. पण घरी प्रेसमध्ये डाळींच्या वर आईनं दिलेली अंबाबाई बसली होती. "माझा देव घरी आहे, आजी," मी म्हणाले. तिनं मान डोलावली. मग ती गप्प राहिली, आणि ती शांतता माझ्यासाठीच ठेवली होती हे मला कळलं.

"मी दहावी नाही," मी म्हणाले. "आठवी. आठवी पण पूर्ण नाही. अर्धी. परीक्षेला बसलेच नाही." आणि मग सगळंच बाहेर पडलं. आईचा फोन, फॉर्म, सर्टिफिकेट, पोस्ट, दर रविवारची आमटी. निम्मं मराठीत सांगितलं असावं. आजी ऐकत होती. शेवटी म्हणाली, "म्हणून तो पाव जळत होता होय." आणि हसायला लागली. हसता हसता खोकला आला, मी पाणी दिलं, तरी हसतच होती. मलाही हसू फुटलं. रडूही. मी खुर्चीत बसले आणि डोळे घट्ट मिटून पाय पुढं केले.

ती जमिनीवर गुडघे टेकून बसली. कोमट पाणी, तिचे खरखरीत तळवे, बोटांच्या मधून फिरणारा अंगठा. माझे पाय कुणी धुतल्याचं मला आठवत नव्हतं, आईनं लहानपणी धुतले असतील तेवढेच. धुऊन झाल्यावर तिला उठता येईना. मी ओल्या पायांनी खाली उतरले, तिच्या काखेत हात घालून उचललं, आणि आम्ही दोघी तशाच एकमेकींना धरून उभ्या राहिलो. "घरी सांग," ती कानाशी म्हणाली. "माझ्याशी मिटलं. मामाशी अडलंय."

त्याच दुपारी मी सांगितलं. मामांच्या ताटात अजून भात होता. ते जेवायचे थांबले. "तुझ्या आईनं मला खोटं सांगितलं?" एवढंच म्हणाले. मी म्हणाले, "आईला बोलू नका, मामा. मला पाठवा परत हवं तर." मग मामी म्हणाली, "तुम्हाला आज कळतंय? मला पहिल्याच आठवड्यात कळलं होतं. सामानाची यादी वाचताना ओठ हलतात हिचे."

"मग बोलली का नाहीस?"

"काय बोलायचं? पोर रोज स्वतःहून यादी वाचत होती ना." मग माझ्याकडं वळून म्हणाली, "ताक घे. तोंड बघ किती सुकलंय."

सोमवारी मामी रजा टाकून माझ्याबरोबर केंद्रात आली. टेबलामागच्या बाईला मी स्वतः सांगितलं, फॉर्ममध्ये चूक आहे, मी आठवी पास नाही. बाईनं चष्मा वर केला, फॉर्मवर एक रेघ ओढली आणि म्हणाली, "अगं, यू आर ग्रँड. आधी इंग्लिश आणि गणिताच्या पायाभूत वर्गाला बस, मग कोर्स. एक वर्ष जास्त लागेल, बस." निम्मं वर्ष मी ज्या दगडाखाली काढलं होतं तो असा एका रेघेनं गेला. अपूर्णांक मी शेवटी शिकले, आणि ते रूथला जाऊन समजावले.

आता मी चाळिशी ओलांडली आहे. एका वृद्धाश्रमात काम करते. रोज सकाळी कुणा ना कुणाचे पाय धुते. अजूनही आधी नमस्कार करायला हात पुढं होतो, मग आवरते, कधी आवरत नाही. मामामामी डब्लिनला गेले, ऋता आता स्वतः डॉक्टर आहे आणि मला फोनवर मराठीत "कशी आहेस" एवढं म्हणते. एस्थरआजी जाऊन बरीच वर्षं झाली. टोपी माझ्या प्रेसमध्ये आहे, अंबाबाईच्या शेजारी. मी ती कधी घातली नाही. कधीकधी काढून तिचे टाके बघते.

आजी गेल्यावर दुसऱ्याच महिन्यात रूथला मुलगी झाली. तिनं पणजीचं नाव ठेवलं. एस्थर नव्हे. ज्या नावानं सगळी वस्ती तिला हाक मारायची ते. मी बाळ बघायला गेले तेव्हा पाळण्यातल्या टीचभर पोरीला सगळे "आजी, आजी" म्हणत होते आणि मी हसावं की अर्थ सांगावा या विचारात पुन्हा गप्प बसले.

परवा त्या छोट्या आजीचं पत्र आलं. शाळेचा शेवटचा दिवस आहे, ये म्हणून. मी त्या दिवसाची रजा मागितली आणि आईला फोन लावला. तिला आता कमी ऐकू येतं, मागं मागाची खटखट असतेच, त्यामुळं मोठ्यानं बोलावं लागतं.

"आई, आजी आठवी पास झाली."

"कोण?"

"आजी. आठवी झाली."

मागांची खटखट जरा लांब गेली, आई फोन घेऊन दाराशी आली असावी. "कुणाची आजी गं?" आई म्हणाली.

"माझीच," मी म्हणाले.